रिना झेल्योनायांच्या वाटेनं बालचित्रपट: वहीपासून माइकपर्यंत

मुलांच्या सिनेमाची पटकथा लिहायची आणि त्याच सिनेमात भूमिकाही करायची, ही दोन्ही कामं एकाच माणसाला नीट जमणं दुर्मीळ. रशियात रिना झेल्योनाया यांना ती जमली. त्यांचा जन्म १९०१ चा, ताश्कंदचा. खरं नाव एकातेरिना. जाहिरातीत एवढं लांब नाव मावेना, म्हणून पुढचा भाग गळला आणि 'रिना' तेवढं उरलं. मॉस्कोत नाट्यशिक्षण, मग ओदेसा आणि पेत्रोग्रादच्या छोट्या रंगमंचांवर गाणी-नकला, त्यानंतर मॉस्कोचं सटायर थिएटर आणि १९३१ पासून सिनेमा. प्रौढ प्रेक्षकांसमोर लहान मुलांच्या आवाजात गोष्टी सांगणं हा त्यांचा खास प्रांत होता. कवयित्री आग्निया बार्तो यांच्याबरोबर त्यांनी 'पद्कीदिश', म्हणजे 'सापडलेलं मूल', या चित्रपटाची पटकथा लिहिली आणि त्यात स्वतः कामही केलं. १९९१ मध्ये त्या गेल्या, तोवर रशियातल्या काही पिढ्या त्यांचा आवाज ऐकत वाढल्या होत्या.

बालनाट्य, बालचित्रपट, अ‍ॅनिमेशन किंवा श्राव्य गोष्टी करणाऱ्यांनी त्यांच्या कामातून काय उचलावं आणि ते प्रत्यक्षात कसं करावं, हे पुढे दिलं आहे. सगळ्याच्या मुळाशी एक गोष्ट आहे. मूल गोड दिसण्यासाठी बोलत नाही. त्याला काहीतरी हवं असतं, काहीतरी कळलेलं असतं, आणि ते पूर्ण गांभीर्यानं बोलतं. लेखकानं आणि नटानं ते गांभीर्य सांभाळलं की हसू आपोआप येतं.

आधी पाहायचं काय

चार गोष्टी पाहा, आणि याच क्रमानं. पहिला 'पद्कीदिश': मोसफिल्म स्टुडिओ, १९३९, दिग्दर्शक तत्याना लुकाशेविच, लांबी सुमारे सत्तर मिनिटं. तो लोकांसमोर आला जानेवारी १९४० मध्ये. दुसरा 'व्होव्का त्रिदेव्यातम राज्यात', म्हणजे परीकथेतल्या दूरच्या राज्यात, सोयुझमुल्तफिल्म स्टुडिओचा १९६५ चा वीसेक मिनिटांचा अ‍ॅनिमेशनपट. त्यातल्या आळशी शाळकरी व्होव्काला आवाज आहे साठी ओलांडलेल्या झेल्योनायांचा. तिसरा 'बुरातिनोची साहसं' (१९७५), एका लाकडी पोराची गोष्ट, आणि चौथा 'लाल टोपीवालीविषयी' (१९७७). हे दोन्ही मिन्स्कच्या बेलारूसफिल्मचे, दोन-दोन भागांचे टीव्ही-चित्रपट. दिग्दर्शक लिअनिद निचायेव, पटकथा इन्ना व्येत्किना. पहिल्यात झेल्योनाया तोर्तिला नावाची कासवीण झाल्या, दुसऱ्यात आजी.

प्रत्येक चित्रपट दोनदा पाहा. पहिल्यांदा सबटायटल्ससह, गोष्ट कळण्यासाठी. दुसऱ्यांदा सबटायटल्स बंद करून फक्त ऐका. रशियन येत नसेल तर उत्तमच. शब्दांचा अर्थ बाजूला पडला की वाक्य कुठे तुटतं, श्वास कुठे घेतला जातो, वेग कुठे बदलतो हे कानाला नेमकं पकडता येतं. एका कागदावर चार रकाने आखा: वेळ, कोण बोलतंय, मुलाला काय हवंय, मोठ्या माणसाला काय हवंय. 'पद्कीदिश'साठी हे चार रकाने भरले की पटकथेचा सांगाडा समोर उभा राहतो.

वही

मुलांचं बोलणं मनानं रचता येत नाही. ते ऐकावं लागतं आणि त्याच दिवशी उतरवावं लागतं, कारण दुसऱ्या दिवशी आपली आठवण ते वाक्य दुरुस्त करून टाकते. रशियात या कामाची परंपरा पक्की होती. कर्नेय चुकोव्स्की यांनी दोन ते पाच वर्षांच्या मुलांची वाक्यं वर्षानुवर्षं गोळा करून त्यांचं पुस्तक केलं होतं, आणि झेल्योनाया मुलांच्या आवाजात म्हणू लागल्या त्या सुरुवातीच्या गोष्टींत चुकोव्स्कींची कविता होती.

खिशात मावेल अशी छोटी वही घ्या. रोज दोनच नोंदी, पण सलग सहा आठवडे. ऐंशीच्या आसपास नोंदी जमतात, त्यातल्या दहाबारा कामाच्या निघतात; हे प्रमाण गृहीतच धरा. प्रत्येक नोंदीत चार गोष्टी हव्यात: मुलाचं अंदाजे वय, वाक्य जसंच्या तसं, त्याच्या आधी मोठ्या माणसानं काय म्हटलं, आणि मूल तेव्हा हातानं काय करत होतं. यातली शेवटची नोंद लोक गाळतात आणि मग लिहिताना अडतात. मूल क्वचितच फक्त बोलतं. ते चप्पल उलटी घालत बोलतं, भिंतीचा पोपडा काढत बोलतं. पुढे नटाला तेच हाताचं काम वापरायचं असतं.

मुलाचं नाव लिहू नका आणि पालकांना विचारल्याशिवाय मोबाइलवर रेकॉर्ड करू नका. त्यात व्यवहाराचाही भाग आहे. मोबाइल पुढे धरला की चार वर्षांचं मूलसुद्धा कार्यक्रम सादर करायला लागतं.

नोंदींतून काय उचलायचं? मराठीत दोन प्रकारच्या चुका कानावर पडतात. एक उच्चाराची: 'र'चा 'ल', 'ळ'चा 'य'. दुसरी विचाराची: 'केलं'ऐवजी 'करलं', 'दिलं'ऐवजी 'देलं'. पहिली चूक जिभेची आहे, ती लिहायची नाही. पाच ओळी बोबड्या लिहिल्या की सहाव्या ओळीला प्रेक्षक मुलं कंटाळतात, आणि सहा वर्षांच्या मुलाला तर आपली टिंगल चाललीय असंच वाटतं. दुसरी चूक मात्र सोन्यासारखी आहे. 'बस-बसलं, हस-हसलं' या चालीवर 'कर-करलं' म्हणणाऱ्या मुलानं भाषेचा नियम शोधून काढलेला असतो; भाषाच तिथे नियमाला धरून वागलेली नसते. अशी एक चूक पूर्ण दृश्यात एकदाच ठेवा. दोनदा आली की तो लेखकाचा चाळा वाटतो.

गोष्टीची वाट

'पद्कीदिश'ची मांडणी साधी आहे आणि म्हणूनच शिकण्यासारखी आहे. आई कामानिमित्त गावाला जाते, पाचेक वर्षांच्या नताशाला मोठ्या भावाच्या भरवशावर ठेवते. भाऊ आपल्या मित्रमंडळींत गुंतलेला. नताशा दार उघडून मॉस्कोच्या रस्त्यावर येते. पुढे एका माणसाकडून दुसऱ्याकडे असा तिचा दिवस जातो, आणि भेटणाऱ्या प्रत्येकाला ती आपल्याकडेच राहावी असं वाटतं. मागे भाऊ आणि त्याचे सवंगडी तिला शोधत फिरतात.

ही चाल आजही वापरता येते. सत्तर मिनिटांच्या चित्रपटासाठी हिशोब असा ठेवा: घर आणि बाहेर पडणं आठ मिनिटं, सहा मुक्काम मिळून पंचेचाळीस मिनिटं, मधूनमधून शोधाची दृश्यं मिळून दहा मिनिटं, घरी परतणं सात मिनिटं. मुक्काम सहाच्या वर नेऊ नका. सातव्या अनोळखी माणसाला प्रेक्षक मुलं नीट पाहतच नाहीत, त्यांचं लक्ष घराकडे लागलेलं असतं.

प्रत्येक मुक्काम लिहिण्याआधी तीन ओळी लिहा. या माणसाच्या घरात काय कमी आहे? मूल आलं की ती कमी कशी उघडी पडते? मूल तिथून स्वतःच्या कोणत्या कारणानं निघतं? 'पद्कीदिश'मधलं ल्याल्या आणि मुल्या हे मूलबाळ नसलेलं जोडपं घ्या. बायको दिलदार पण हुकमत गाजवणारी, नवरा गरीब गाय. फाइना रानेव्स्काया आणि प्योत्र रेपनिन यांनी ते उभं केलं आहे. किंवा रोस्तिस्लाव प्ल्यात यांचा एकटा राहणारा पुरुष. मूल आल्यावर त्या घरांत काय हलतं, ते पाहून आपल्या तीन ओळी तपासता येतात. तिसऱ्या ओळीचं उत्तर 'मूल पळून जातं' असं येत असेल तर मुक्काम पुन्हा लिहा. मूल पळत नाही. त्याला खिडकीतून मांजर दिसतं, आणि ते मांजराकडे जातं.

इथे सर्वांत जास्त चुकतं ते भीतीच्या बाबतीत. हरवलेलं मूल म्हटलं की लेखक त्याला रडवतो, कोपऱ्यात एक बदमाश उभा करतो आणि पार्श्वसंगीत चढवतो. पाच ते आठ वर्षांच्या प्रेक्षकाला आईपासून तुटण्याची भीती आधीच पुरेशी असते. त्यात भर घातली तर ती मुलं खुर्चीत वळून बसतात आणि गोष्ट संपते. उपाय दोन. नायिकेला आपण हरवलोय हे कळतच नाही, तिच्या लेखी ती फिरायला निघाली आहे. हरवल्याची जाणीव फक्त प्रेक्षकाला आणि भावाला. आणि दर दहा मिनिटांच्या आत शोधाचं एक दृश्य हवंच, मग ते चाळीस सेकंदांचं का असेना. घर आपल्याला विसरलेलं नाही, एवढी खात्री मुलांना मिळत राहिली की ती निर्धास्त हसतात.

दुसरी चूक योगायोगाची. भाऊ आणि बहीण एकाच कोपऱ्यावरून दोन मिनिटांच्या फरकानं जाणं एकदा छान वाटतं. तिसऱ्यांदा तेच झालं की मुलंच ओरडतात, 'अरे, मागे बघ ना!' आणि त्या ओरडण्यात मजा उरलेली नसते, वैताग असतो.

पानांचा हिशोब इंग्रजी पटकथेसारखा धरू नका. एक पान म्हणजे एक मिनिट हे गणित देवनागरीत, आणि त्यातही मुलांच्या संवादांत, नेहमी बसत नाही. पूर्ण पटकथा घड्याळ लावून मोठ्यानं वाचा. मुलाच्या प्रत्येक संवादाला दीडपट वेळ धरा, कारण सेटवर मूल उत्तर देण्याआधी विचार करतं. तो विचार कापायचा नसतो. पडद्यावर सर्वांत चांगलं तेच दिसतं.

मोठ्यांचे संवाद

नवशिके लेखक सगळे विनोद मुलाच्या तोंडी घालतात. मूल आगाऊ वाटायला लागतं, आणि त्या बिचाऱ्या बालनटाला दर ओळीला टाळीची वाट पाहावी लागते. 'पद्कीदिश'मध्ये हसवण्याचं ओझं मोठ्यांवर आहे. मूल सरळ बोलतं, मोठी माणसं वाकडी.

एक बाई छोट्या नताशाला विचारते ते वाक्य रशियात आजही लोकांच्या तोंडी आहे: तुझं डोकं उपटून हवं की डाचावर, म्हणजे शहराबाहेरच्या घरी, यायचंय? याची रचना उघडून पाहा. मोठी माणसं मुलांना सतत 'हे की ते' असं विचारत असतात. तोच नेहमीचा साचा घेतला आहे. एक पर्याय भयंकर, दुसरा आनंदाचा, आणि विचारण्याचा सूर दोन्हींसाठी सारखाच लाडिक. साचा ओळखीचा, आतला माल चुकीचा. असं वाक्य लिहायचं तर आधी घरोघरी चालणारे साचे गोळा करा: 'कोण शहाणं बाळ आहे?', 'आता मी तीन म्हणेपर्यंत...', 'तुला मार हवाय का?' मग त्यातला एकच शब्द बदला. दोन बदलले की तो विनोद लिहिलेला वाटतो.

दुसरं उदाहरण खुद्द झेल्योनायांच्या भूमिकेतलं. त्या यात अरीशा नावाची मोलकरीण आहेत: घर सांभाळणारी, संशयी, तोंडाचा पट्टा न थांबणारी. दारात आलेल्या अनोळखी माणसाला ती ऐकवते की अशीच एक जण आली होती, प्यायला पाणी मागितलं, आणि नंतर पाहतो तर पियानो गायब. आता हे वाक्य हळू वाचा. पहिला भाग घरोघरी सांगितला जाणारा किस्सा: पाणी मागायला आलेली बाई. शेवटही ठरलेला: काहीतरी चोरीला गेलं. ऐकणारा मनात भांडं, फार तर घड्याळ धरून बसलेला असतो. तिथे येतो पियानो. तो पदराआड लपवून नेता येत नाही, दारातून एकट्यानं बाहेर काढता येत नाही, आणि तो कसा नेला याबद्दल अरीशा अवाक्षर काढत नाही. तिच्या लेखी त्यात सांगण्यासारखं काही नाहीच. ती घाबरलेली आहे आणि खरं बोलते आहे. नटीनं इथे डोळा मारला असता, किंवा 'पियानो'च्या आधी थांबली असती, तर वाक्य मेलं असतं. वेग तोच ठेवायचा, शेवटचा शब्दसुद्धा त्याच घाईत टाकायचा आणि पुढच्या कामाला लागायचं.

हे जमवण्याचा सराव असा. एक किस्सा चार पायऱ्यांत लिहा: कोण आलं, काय मागितलं, घरातलं माणूस कुठे गेलं, काय गेलं. चौथ्या पायरीवर वस्तूचा आकार दहापट करा. मग मोठ्यानं वाचा आणि बारा सेकंदांत बसवा. पंधराच्या वर गेलं तर पहिल्या दोन पायऱ्यांतली विशेषणं काढा.

परत परत येणाऱ्या वाक्यांबद्दल मात्र जपून. ल्याल्या नवऱ्याला 'मुल्या, मला वैताग देऊ नकोस' असं ऐकवते. ते वाक्य इतकं गाजलं की रस्त्यावरची पोरं रानेव्स्कायांना पाहून तेच ओरडत, आणि एवढ्या मोठ्या नटीला त्याचा जन्मभर मनस्ताप झाला. मुळात ते सुचलं कोणाला यावरही पुढे वेगवेगळे दावे झाले. पालुपद हवं असेल तर ते नात्यातून आलेलं असावं आणि दर वेळी त्याचं काम बदलावं: एकदा चिडून, एकदा लाडानं, एकदा घाबरून. काम बदलत नसेल तिथे ते खोडा.

स्वतःची भूमिका स्वतः लिहिताना

अरीशा ही भूमिका मुळच्या पटकथेत नव्हती. चित्रीकरण सुरू असताना दिग्दर्शिकेनं भूमिका करायला सांगितलं आणि झेल्योनायांनी ती तिथल्या तिथे रचली. पुढे 'वसंत' (१९४७) या चित्रपटातही असंच झालं: रंगभूषाकाराची भूमिका पुरुषाची होती, त्यांनी ती बाईची करून घेतली आणि संवाद स्वतः जुळवले. तो चित्रपट मोठ्यांसाठीचा, पण छोटी भूमिका कशी कोरायची याचा धडा म्हणून जरूर पाहावा.

हे वाचायला सोपं वाटतं, सेटवर मात्र लेखक-नटानं शिस्त पाळली नाही तर सगळ्यांचा दिवस वाया जातो. भूमिका दोन दृश्यांपेक्षा मोठी करू नका आणि ती दोन्ही दृश्यं एकाच ठिकाणी, एकाच कपड्यांत ठेवा. अर्ध्या दिवसात उरकते. कथानकाचा कोणताही धागा तिच्यावर अवलंबून नको, म्हणजे संकलनात गरज पडली तर ती अख्खी काढता येते. अरीशा काढली तर नताशा सापडायची थांबत नाही. अशी मोकळी असूनही ती आठवणीत राहते, यातच लेखिकेचं कौशल्य आहे.

नवे संवाद आदल्या संध्याकाळी कागदावर उतरवा आणि तीन प्रती काढा: दिग्दर्शक, कंटिन्युइटी पाहणारा सहायक, ध्वनिमुद्रक. समोरच्या नटाचा क्यू, म्हणजे ज्या शब्दानंतर त्याला बोलायचंय तो शेवटचा शब्द, टेकगणिक बदलायचा नाही. मधलं काहीही बदला, शेवट तोच ठेवा. समोर लहान मूल असेल तर हा नियम दगडावरची रेघ. पाच वर्षांचं मूल तुमचा शेवटचा शब्द ऐकूनच बोलतं. तो बदलला की ते गप्प बसतं, सगळे त्याच्याकडे पाहतात, आणि आपणच चुकलो असं त्याला वाटतं. त्यानंतरचे चार टेक गेले म्हणून समजा.

हाताला काम द्या. भाजी निवडणं, फडकं पिळणं, चहा गाळणं, काहीही. कुठल्या शब्दावर फडकं पिळलं ते सहायकाला लिहून ठेवू द्या, नाहीतर क्लोजअप जुळणार नाही.

सेटवरचं मूल

चित्रीकरण भारतात असेल तर बालमजुरी कायद्याखालच्या नियमांपासून सुरुवात करा. मुलानं दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम करायचं नाही आणि विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही. सलग सत्तावीस दिवसांच्या वर काम घेता येत नाही. निर्मात्यानं जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी आधी काढायची; मुलाच्या मिळकतीतला किमान वीस टक्के भाग त्याच्या नावानं राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत टाकायचा; आणि दर पाच मुलांमागे किमान एक जबाबदार व्यक्ती नेमायची. यात जेवण, शाळा, झोप बुडता कामा नये. पाच तासांतून कपडे, रंगभूषा, वाट पाहणं वजा केलं की कॅमेऱ्यासमोर प्रत्यक्ष दोन-अडीच तास उरतात. वेळापत्रक तेवढ्यावरच बेता.

मुलाला संवाद पाठ करायला देऊ नका, निदान आईवडिलांकरवी तर नकोच. घरी घोकून आलेलं मूल आईची लय घेऊन येतं. दृश्य काय आहे ते सांगा, समोरचा नट काय विचारणार आहे ते सांगा आणि उत्तर दोन-तीनदा खेळून घ्या. मुलाच्या ओळी सात-आठ शब्दांच्या आत ठेवल्या असतील तर ते पहिल्या तीन टेकमध्ये देतं. सहाव्या टेकनंतर थांबा, कॅमेरा मोठ्या माणसाकडे वळवा. मुलाचं उत्तर नंतर एकट्या आवाजात टिपता येतं.

मोठ्या गळ्यातून लहान आवाज

व्होव्काचा आवाज ऐकताना साठीतल्या बाईची आठवण होत नाही. सूर चढवून हे होत नाही. पाचसहा वर्षांच्या मुलाचा सूर साधारण २५० ते ३०० हर्ट्झच्या आसपास, प्रौढ स्त्रीचा दोनशेच्या आसपास. पण नुसता सूर वर नेला तर कानाला मोठीच बाई ऐकू येते, फक्त चिरकी. मुलाच्या तोंडाची आणि घशाची पोकळी आखूड असते, आणि आवाजाचा पोत ठरतो तो तिथे. म्हणून ओठ थोडे मागे ताणा, हलक्या हसण्याइतके. जीभ पुढे, खालच्या दातांना टेकलेली. हनुवटी किंचित वर. सूर एवढ्यावरच दोन स्वर चढवा, जास्त नको.

खरी ओळख श्वासात असते. मूल वाक्याचा अंदाज घेऊन श्वास घेत नाही. चार शब्द होतात, हवा संपते, मधेच आवाजासकट श्वास घेतं आणि पुढे जातं. 'आणि मग तो ना... (श्वास) माझ्या खिशातून... (श्वास) निघून गेला.' संहितेवर श्वासाच्या जागी तिरकी रेघ मारा आणि ती मोठ्यांच्या विरामाच्या जागी येणार नाही हे पाहा. आघातही हलवा: मोठी माणसं नामावर जोर देतात, मूल कित्येकदा 'ना', 'पण', 'मीच' अशा शब्दांवर देतं.

व्होव्काच्या गोष्टीत पेटीतून निघालेले दोन आज्ञाधारक इसम त्याचं प्रत्येक काम करतात, इतकं की खाऊसुद्धा त्याच्याऐवजी तेच खातात. तिथे व्होव्काची तक्रार ऐका. झेल्योनाया रडका सूर लावत नाहीत. व्होव्काला खरोखरच अन्याय झाल्यासारखं वाटतं, आणि तो हिशोब मागतो. आळशी मुलाची नक्कल करणारा नट आळस दाखवतो; इथे मात्र मुलाची बाजू मांडली जाते.

मुद्रणासाठी: माइक तोंडापासून वीस सेंटिमीटरवर, किंचित बाजूला, मधे पॉप फिल्टर, म्हणजे 'प', 'फ'च्या हवेचा फटका अडवणारी जाळी. पातळी सर्वांत मोठ्या ओरडण्यालाही उणे सहा डेसिबलच्या वर जाऊ देऊ नका. अ‍ॅनिमेशनमध्ये आवाज आधी आणि चित्र नंतर असेल तर प्रत्येक ओळीचे तीन वेगळे टेक द्या, कारण चित्रकार त्यातल्या हुंकारांवर आणि अडखळण्यावर हालचाल बसवतात. लहान आवाज पंचेचाळीस मिनिटांपेक्षा जास्त सलग काढू नका. घसा ओढला गेला की प्रथम 'स' आणि 'श' फाटतात. तिथेच थांबा, कोमट पाणी प्या, पंधरा मिनिटं गप्प बसा. दुपारी जेवल्यानंतर लगेच हे काम ठेवू नका.

म्हातारपणाच्या भूमिका

बुरातिनोमध्ये सोन्याची किल्ली देणारी तोर्तिला कासवीण झाली तेव्हा झेल्योनाया सत्तरी ओलांडून गेल्या होत्या. तिथे त्यांनी नेमकं उलट केलं: ज्या बाईनं जन्मभर मुलासारखी घाई केली, तिनं वेग जवळजवळ शून्यावर आणला. गाणं यूरी एन्तिन यांचं, संगीत अलेक्सेइ रिब्निकव यांचं. मोठं व्हायची घाई करू नकोस, असं कासवीण लाकडी पोराला सांगते. त्यांनी ते गायिकेसारखं न गाता बोलण्याच्या जवळ ठेवलं आहे. मराठी बालनाट्यात आजी, झाड, नदी अशा भूमिकांना हेच चालतं, आणि मुलं त्यांच्याकडे टक लावून बघतात, कारण बाकी सगळं धावत असतं.

असं गाणं लिहून घेताना सुरांची झेप सहा स्वरांपुरती ठेवा, ओळ सात-आठ अक्षरांची, आणि प्रत्येक दोन ओळींनंतर पूर्ण श्वास घेण्याइतकी जागा. नटानं ते आधी गद्य म्हणून वाचावं, मग ठेक्यावर बोलावं, आणि सूर सर्वांत शेवटी लावावा. पट्टी ठरवताना सकाळची पट्टी धरू नका. दिवसभर बोलून झाल्यावर संध्याकाळी सहाला जी पट्टी आरामात लागते, तीच रेकॉर्डिंगला सांगा.